नोकरी आणि कायदा : ज्येष्ठता यादीत नाव खाली गेले तर

या वेळी ज्येष्ठता आणि बढती यांवरची पत्रे एकत्र घेतली आहेत. बहुतेक पत्रांत अन्यायाचे वर्णन सविस्तर आहे, पण यादी कोणत्या तारखेला लागली ते लिहिलेले नाही. आम्हाला ती तारीख आधी हवी असते. दुसरे असे की, बेळगाव-निपाणीकडच्या अनेकांना सल्ला मिळतो तो कोल्हापूरच्या नातेवाईकांकडून. तो सल्ला प्रामाणिक असतो, पण महाराष्ट्राच्या कायद्याचा असतो. नोकरी ज्या राज्यात, कायदा त्या राज्याचा. खालची उत्तरे कर्नाटकातल्या नोकरीपुरती आहेत.

प्रश्न : मी महसूल खात्यात द्वितीय दर्जा सहायक (एसडीए) आहे. नव्या तात्पुरत्या यादीत दोघे माझ्या वर आलेत. एक माझ्याच भरतीतला, पण माझ्यानंतर दोन महिन्यांनी रुजू झालेला. दुसरा २०१९ मध्ये धारवाडहून बदलून आला. त्याची एकूण सेवा माझ्यापेक्षा जास्त आहे. दोघांवर आक्षेप घेऊ का? (खानापूर)

दोघांचे प्रकरण वेगळे आहे. पहिल्यावर आक्षेप घेऊ नका. एकाच निवड यादीतून सरळ भरतीने आलेल्यांची आपापसातली ज्येष्ठता निवड यादीतल्या गुणवत्ता क्रमाने ठरते, रुजू तारखेने नव्हे. तो दिलेल्या मुदतीत किंवा मंजूर वाढीव मुदतीत हजर झाला असेल, तर दोन महिन्यांचा तुम्हाला काही उपयोग नाही. चुकीचा आक्षेप जोडला की बरोबर आक्षेपही हलका पडतो.

दुसऱ्याच्या बाबतीत तुमची बाजू भक्कम दिसते. कर्नाटक सरकारी नोकर (ज्येष्ठता) नियम, १९५७ मधला नियम ६ वाचा. सार्वजनिक हितासाठी बदली झाली तर माणूस आपली जुनी ज्येष्ठता सोबत आणतो. स्वतःच्या विनंतीवरून बदली झाली तर बदलीच्या दिवशी त्या केडरमध्ये (एका दर्जाच्या पदांच्या गटात) असलेल्या सगळ्यांच्या खाली त्याचे नाव जाते. एसडीएचे केडर जिल्ह्यापुरते असेल, तर धारवाडची वर्षे बेळगावच्या यादीत क्रम ठरवायला मोजता येत नाहीत.

सगळे बदलीच्या मूळ आदेशावर अवलंबून आहे. त्यात ‘स्वंत कोरिकेय मेरेगे’ असे कन्नड शब्द असतील तर ती विनंती बदली. ‘सार्वजनिक हितासक्तियिंद’ असेल तर तुमचा आक्षेप टिकणार नाही. आदेश मोघम असेल, तर त्याने दिलेला अर्ज आणि बदली प्रवासभत्ता काढला की नाही, ही माहिती माहितीच्या अधिकारात मागा. विनंती बदलीला भत्ता मिळत नाही, त्यामुळे हा पुरावा बोलका ठरतो. कर्नाटकात माहितीच्या अर्जाला १० रुपये शुल्क, एका अर्जात एकच विषय आणि मजकूर १५० शब्दांत, हे सांभाळा. नाहीतर अर्ज परत येतो आणि आक्षेपाची मुदत निघून जाते. उत्तराला ३० दिवस लागू शकतात. म्हणून आक्षेप आधी द्या, ‘कागद मिळताच जोडतो’ असे त्यातच लिहा.

यादी हातात आली की आपला अनुक्रमांक पाहून ती ठेवून देऊ नका. नेमणुकीची पद्धत, या केडरमध्ये रुजू झाल्याची तारीख, प्रोबेशन पूर्ण झाल्याची घोषणा आणि शेवटचा शेऱ्याचा रकाना, हे चार रकाने आपल्या वरच्या दहा-पंधरा नावांपुरते वाचून काढा. चूक बहुधा पद्धतीच्या रकान्यात असते : विनंती बदलीने आलेला माणूस ‘सरळ भरती’ म्हणून दाखवलेला असतो आणि त्याला जुन्या जिल्ह्यातली तारीख लागलेली असते.

आक्षेप कन्नडमधून आणि एका पानात लिहा. मजकूर साधारण असा असू द्या : ‘तात्पुरत्या यादीत अनुक्रमांक अमुकवर दाखवलेले कर्मचारी अमुक तारखेच्या आदेशाने स्वतःच्या विनंतीवरून या जिल्ह्यात आले. १९५७ च्या नियमांतील नियम ६ च्या परंतुकानुसार त्या दिवशी केडरमध्ये असलेल्या सर्वांच्या खाली त्यांचे स्थान येते. माझी या केडरमधील रुजू तारीख अमुक आहे. म्हणून माझे नाव त्यांच्या वर घ्यावे.’ एवढे पुरे. किती वर्षे निष्ठेने काम केले, घरची परिस्थिती काय, हे त्यात नको. आवक क्रमांक आणि शिक्का असलेली प्रत घेतल्याशिवाय टपाल विभागाच्या टेबलावरून हलू नका.

एक गोष्ट मात्र लक्षात घ्या. ज्येष्ठता गेली म्हणून त्या सहकाऱ्याची जुनी सेवा पुसली जात नाही. बढतीसाठी ‘इतकी वर्षे सेवा’ अशी पात्रता असेल आणि नियमात ‘याच युनिटमधील’ असे म्हटलेले नसेल, तर पात्रतेला त्याची जुनी वर्षे धरतात. सर्वोच्च न्यायालयाने व्ही. एम. जोसेफ प्रकरणात (१९९८) हा फरक स्पष्ट केला आहे. म्हणजे तो बढतीला पात्र ठरेल, पण रांगेत तुमच्या मागे.

प्रश्न : अंतिम यादी १० मार्च २०२४ ला लागली. मी ५ एप्रिलला निवेदन दिले. उत्तर आले नाही. दर तीन महिन्यांनी स्मरणपत्र देत आलो. मधल्या काळात माझ्या दोन कनिष्ठांना बढती मिळाली. आता कोर्टात जायचे आहे. (बेळगाव)

राज्य सरकारी नोकरांचे हे वाद आधी कर्नाटक राज्य प्रशासकीय न्यायाधिकरणात, म्हणजे आपण ज्याला केएटी म्हणतो तिथे जातात. त्याचे पीठ बेळगावात आहे, बेंगळूरुला जायला नको. थेट धारवाडच्या उच्च न्यायालयात गेलात तर परत केएटीकडे पाठवतील. केएटीच्या निकालावर मात्र धारवाडच्या खंडपीठात दोन न्यायाधीशांपुढे जाता येते.

आता मुदत. प्रशासकीय न्यायाधिकरण कायदा, १९८५ च्या कलम २१ प्रमाणे अंतिम आदेशापासून एक वर्ष. निवेदन दिले आणि सहा महिने उत्तर आले नाही, तर ते सहा महिने संपल्यापासून एक वर्ष. तुमचे निवेदन ५ एप्रिल २०२४ चे. सहा महिने ५ ऑक्टोबर २०२४ ला संपले, वर्ष ५ ऑक्टोबर २०२५ ला. मुदत गेली आहे.

स्मरणपत्रांनी ती वाढत नाही. एस. एस. राठोड प्रकरणात (१९८९) सर्वोच्च न्यायालयाच्या सात न्यायाधीशांनी हे ठरवले, आणि सी. जेकब प्रकरणात (२००८) सांगितले की जुन्या मागणीवर नव्याने उत्तर मिळवले तरी मेलेला दावा जिवंत होत नाही. ‘साहेब बघतो म्हणाले’ म्हणून थांबलेल्या चांगल्या माणसांची प्रकरणे इथेच बुडतात, आणि ते पाहून वाईट वाटते. पहिल्या निवेदनानंतर सहा महिने झाले की वकिलाकडे जायचे, सातवा महिना लागू द्यायचा नाही.

तुमच्याकडे उरलेला मार्ग म्हणजे मूळ अर्जासोबत कलम २१(३) खाली विलंबमाफीचा अर्ज. त्यात प्रत्येक टप्प्याचे कारण कागदासह द्यावे लागेल : आजारपण असेल तर दवाखान्याचे कागद, माहिती उशिरा मिळाली असेल तर माहिती अधिकाऱ्याच्या पत्राची तारीख. कनिष्ठांच्या बढतीचे आदेश वर्षाच्या आतले असतील तर त्यांना स्वतंत्रपणे आव्हान द्या. पण तेही फक्त जुन्या यादीच्या आधारावर असेल, तर न्यायाधिकरण विचारील की यादीलाच वेळेत का आव्हान दिले नाही.

अर्ज करताना त्या दोघांना नावानिशी प्रतिवादी करा. ज्यांचे स्थान खाली जाईल त्यांना न ऐकता निकाल देता येत नाही. केवळ खात्याला पक्षकार केले म्हणून प्रकरणे फेटाळली जातात. यादीतले पन्नासेक जण बाधित होत असतील तर काहींना प्रातिनिधिक म्हणून घेता येते, पण तशी परवानगी मागावी लागते.

महामंडळे आणि वीज कंपनी यांच्यातल्या वाचकांनी हे उत्तर आपल्याला लावून घेऊ नये. वायव्य कर्नाटक रस्ते वाहतूक किंवा हेस्कॉममधल्यांसाठी दार वेगळे आहे : कामगार वर्गात असाल तर औद्योगिक कायद्याचे, नसाल तर धारवाडच्या उच्च न्यायालयात रिट याचिका.

प्रश्न : अनुदानित मराठी माध्यमाच्या हायस्कुलात मी सर्वांत ज्येष्ठ शिक्षक आहे. संस्थेने माझ्या मागच्याला मुख्याध्यापक केले. गडहिंग्लजचे मित्र म्हणतात, ‘शेड्यूल एफ’ दाखवा आणि ३० दिवसांत शाळा न्यायाधिकरणात अपील करा. (चिक्कोडी तालुका)

तुमच्या मित्राचे म्हणणे गडहिंग्लजमध्ये बरोबर आहे. अनुसूची ‘फ’, म्हणजे शेड्यूल एफ (शिक्षकांची ज्येष्ठता ठरवण्याचे निकष), महाराष्ट्राच्या खासगी शाळा कर्मचारी नियमावली, १९८१ मधली, आणि डावलून दुसऱ्याला बढती दिल्याबद्दलचे अपील तिथल्या १९७७ च्या कायद्यातले. चिक्कोडीत यातले काही लागू नाही.

आपल्याकडे कर्नाटक शिक्षण कायदा, १९८३. त्याच्या कलम ९४ खाली शैक्षणिक अपील न्यायाधिकरणात (हे काम जिल्हा न्यायाधीश पाहतात) तीन महिन्यांत अपील होते, पण ते बडतर्फी, सेवेतून काढणे किंवा पदावनती यांवर. तुम्हाला पदावरून खाली आणलेले नाही, वर नेले नाही, एवढेच झाले आहे. त्यामुळे तिथला अर्ज टिकणे कठीण. व्यवहारात उपयोगी पडते ते असे : अनुदानित पदावरच्या मुख्याध्यापकाला खात्याची मान्यता लागते. संस्थेचा प्रस्ताव चिक्कोडी शैक्षणिक जिल्ह्याच्या उपनिर्देशकांकडे असेल तोवर गटशिक्षणाधिकाऱ्यांमार्फत (बीईओ) आणि थेटही लेखी हरकत द्या. मान्यता मिळाली की तो आदेश घेऊन धारवाडला रिट. मान्यतेआधीची हरकत दप्तरी असेल तर रिटमध्ये तिचे वजन पडते.

पण त्याआधी एक गोष्ट तपासा, कारण सगळे तिच्यावर फिरते. तुमच्या संस्थेला भाषिक अल्पसंख्याक दर्जा आहे का? अल्पसंख्याक कोण हे राज्यनिहाय ठरते, हे सर्वोच्च न्यायालयाने टी. एम. ए. पै प्रकरणात (२००२) सांगितले. म्हणून कर्नाटकात मराठी संस्था हा दर्जा घेऊ शकते. आणि अल्पसंख्याक संस्थेला मुख्याध्यापक निवडण्याचा अधिकार संविधानाच्या अनुच्छेद ३०(१) मध्ये येतो. एन. अम्मद (१९९८) आणि टी. जोस (२००६) या निकालांनुसार, निवडलेला माणूस पात्रता पूर्ण करत असेल तर केवळ ज्येष्ठतेच्या जोरावर ती निवड मोडता येत नाही. ज्या संरक्षणामुळे सीमाभागातल्या मराठी शाळा टिकल्या, तेच इथे एका मराठी शिक्षकाच्या आड येते. वाईट वाटले तरी कायद्याची स्थिती ही आहे. संस्थेकडे दर्जाचा दाखला असेल, तर निवडलेल्याची शैक्षणिक अर्हता आणि अनुभव नियमात बसतो का, एवढ्यावरच लढा. दाखला नसेल, तर तुमची ज्येष्ठता हाच मुख्य मुद्दा.

प्रश्न : सहकारी पतसंस्थेत क्लार्क आहे, १८ वर्षे झाली. शाखाधिकारी पदासाठी मला डावलले. लेबर कोर्टात जाता येईल का? (निपाणी)

आधी संस्थेच्या लेटरहेडवर नोंदणी क्रमांक पाहा. कर्नाटक सहकारी संस्था कायदा, १९५९ खालची नोंदणी असेल, तर सेवाशर्तींचे वाद कलम ७० खाली सहकार खात्यात निबंधकांपुढे जातात. सर्वोच्च न्यायालयाने धारप्पा प्रकरणात (२००७) म्हटले की २० जून २००० पासून अशा कर्मचाऱ्यांचे वाद कामगार न्यायालयाच्या कक्षेबाहेर गेले. नव्या औद्योगिक संबंध संहितेनंतर यात काही बदल झाला आहे का, हे अर्जापूर्वी वकिलाकडून लेखी मतात घ्या.

निपाणी, संकेश्वरकडच्या बऱ्याच संस्थांच्या शाखा महाराष्ट्रातही आहेत. त्या बहुराज्य संस्था असतात, त्यांना २००२ चा केंद्रीय कायदा लागतो आणि १९५९ चे कलम ७० लागतच नाही. चुकीच्या ठिकाणी दोन वर्षे गेली की ती वर्षे परत मिळवणे अवघड होते.

मूळ मुद्द्यासाठी संस्थेचे सेवानियम उघडा. ‘ज्येष्ठता आणि पात्रता’ असा निकष असेल, तर किमान गुण ठरवायचे, ते मिळवणाऱ्यांत ज्येष्ठाला घ्यायचे. कनिष्ठाला पाच गुण जास्त पडले म्हणून ज्येष्ठाला मागे टाकता येत नाही. ग्रामीण बँकांच्या बढत्यांवरून झालेल्या शिवय्या प्रकरणात (१९९८) हे ठरले. ‘गुणवत्ता आणि मग ज्येष्ठता’ असे लिहिले असेल, तर १८ वर्षे असूनही तुम्ही मागे पडू शकता.

प्रश्न : उद्यमबागमधल्या फाउंड्रीत मोल्डर आहे. युनियनमध्ये काम करतो म्हणून चार्जहँडची (गटप्रमुखाची) जागा मला न देता नवीन माणसाला दिली. शिरोलीचा मेव्हणा म्हणतो, औद्योगिक न्यायालयात ९० दिवसांत तक्रार टाक. (बेळगाव)

ती थेट तक्रार महाराष्ट्राच्या १९७१ च्या अनुचित कामगार प्रथा कायद्यातली. कर्नाटकात तसा कायदा नाही. इथे २१ नोव्हेंबर २०२५ पासून औद्योगिक संबंध संहिता, २०२० लागू आहे. युनियनच्या कामामुळे ज्येष्ठता बदलणे किंवा बढती नाकारणे ही अनुचित प्रथा या संहितेतही आहे, जुन्या १९४७ च्या कायद्यातही होती.

मात्र एकट्या कामगाराला स्वतःच्या नावाने वाद नेता येतो तो कामावरून काढल्याबद्दल. बढतीचा वाद युनियनने उचलून धरावा लागतो. म्हणून युनियनच्या कार्यकारिणीचा ठराव करा, त्यात तुमचे नाव, पद, रुजू तारीख आणि मागणी हवी. ठराव आणि मागणीपत्र व्यवस्थापनाला द्या, पोच घ्या, मग कामगार खात्याच्या समेट अधिकाऱ्याकडे. वाद निर्माण झाल्यापासून दोन वर्षांनंतर ते प्रकरण घेऊ शकत नाहीत. समेट झाला नाही तर त्यांचा अहवाल मिळाल्यापासून ९० दिवसांत औद्योगिक न्यायाधिकरणाकडे स्वतः अर्ज करायचा. आता सरकारने वाद तिकडे पाठवण्याची वाट पाहावी लागत नाही.

पुरावा म्हणून ‘युनियनमुळेच’ हे सिद्ध करायचे आहे. तुम्ही पदाधिकारी झाल्याची तारीख, त्यानंतर आलेले मेमो, आणि आधीच्या चार्जहँड बढत्या कोणत्या क्रमाने झाल्या, यांचा तक्ता करा. आधीच्या सगळ्या जागा सेवेच्या क्रमाने भरल्या आणि फक्त तुमच्या वेळी क्रम मोडला, हे कागदावर दिसले की उत्तर देण्याची पाळी मालकावर येते.

प्रश्न : खात्याची परीक्षा आणि कन्नड परीक्षा राहिली म्हणून कनिष्ठाला बढती दिली. नंतर पास झालो, तर माझी जागा परत मिळेल का? (हुक्केरी)

तुम्ही त्या दिवशी पात्र नव्हता, म्हणून कनिष्ठाची बढती कायदेशीर आहे. वरच्या केडरमध्ये तो तुमच्या वर राहील. परीक्षा लोकसेवा आयोग घेतो. निकालाची तारीख सेवापुस्तकात चढली का ते स्वतः पाहा. दहावीला कन्नड विषय घेतलेल्यांना भाषा परीक्षेतून सूट मिळू शकते, पण ती आपोआप लागत नाही. गुणपत्रिका जोडून अर्ज करा आणि सूट दिल्याचा लेखी आदेश घ्या. मराठी माध्यमात शिकलेल्या अनेकांच्या बढत्या या एका कागदापायी अडल्या आहेत.

प्रश्न : आरक्षणातून माझ्या आधी बढती मिळालेला सहकारी, मीही वर पोचल्यावर, ज्येष्ठ कसा राहतो? २०१७ च्या निकालात हे रद्द झाले होते ना? (बेळगाव)

झाले होते, पण पुढे बदलले. ९ फेब्रुवारी २०१७ ला बी. के. पवित्रा प्रकरणात आरक्षणातल्या बढतीबरोबर ज्येष्ठता देणारा कर्नाटकाचा २००२ चा कायदा रद्द झाला, कारण नागराज निकालाने (२००६) मागितलेली मागासलेपण आणि प्रतिनिधित्वाची आकडेवारी सरकारने जमवली नव्हती. नंतर रत्नप्रभा समितीने आकडेवारी गोळा केली, २०१८ मध्ये नवा कायदा आला आणि १० मे २०१९ ला सर्वोच्च न्यायालयाने तो वैध ठरवला. त्यामुळे अनुसूचित जाती-जमातींच्या कर्मचाऱ्यांना बढतीबरोबर तिची ज्येष्ठताही मिळते. २०१७ ते २०१९ मधल्या याद्यांवर आधारलेले आक्षेप आज चालत नाहीत. शंका घ्यायचीच असेल तर बिंदुनामावलीत (आरक्षित जागांचा क्रम दाखवणाऱ्या नोंदवहीत) जागा बरोबर लागली का, यावर घ्या. नोंदवहीची प्रत माहितीच्या अधिकारात मिळते.

प्रश्न : चौकशीचे बोलणे चालू आहे म्हणून बढती समितीने माझे नाव बाजूला ठेवले. पुढे निर्दोष ठरलो तर मधल्या काळाचा पगार मिळेल? (अथणी)

बोलणे चालू असणे पुरेसे नाही. जानकीरामन निकालानुसार (१९९१) दोषारोपपत्र जारी झाल्यावरच खातेनिहाय कारवाई सुरू झाली असे धरतात. समितीच्या बैठकीच्या दिवशी ते जारी झालेले नसेल, तर तुमच्याबद्दलचा निर्णय चौकशी संपेपर्यंत सीलबंद पाकिटात ठेवायला आधार नाही. बैठकीच्या इतिवृत्ताची प्रत मागा आणि दोन्ही तारखा शेजारी ठेवा. सहकाऱ्यांचे गोपनीय अहवाल मिळणार नाहीत, तुमचे स्वतःचे मिळतात. त्यातला तुम्हाला न कळवलेला कमी प्रतीचा शेरा बढतीच्या आड आला असेल, तर देव दत्त निकाल (२००८) तुमच्या बाजूने आहे.

पगाराचे असे की, न्यायाधिकरण बहुधा ‘बढती द्या’ म्हणत नाही, ‘त्या तारखेची स्थिती धरून पुन्हा विचार करा’ म्हणते. मागची तारीख मिळाली तरी खाते ‘काम नाही तर पगार नाही’ म्हणून फरक नाकारते. चूक खात्याची असेल आणि तुम्ही काम करायला तयार होता, तर हा नियम सरसकट लावता येत नाही, असे जानकीरामनमध्येच म्हटले आहे. पण फरक मागितला नाही तर मिळत नाही. म्हणून अर्जाच्या मागणीच्या परिच्छेदात मागील तारखेची बढती, वेतननिश्चिती, फरक आणि निवृत्तिवेतनावर होणारा परिणाम, ही चारही कलमे वेगवेगळी लिहून घ्या.